मशिदीच्या कमिटीची निवडणूक वादात सापडली, तर गोव्यात दाद कुठे मागायची?

आमच्या जमातीत, म्हणजे मशिदीशी जोडलेल्या आमच्या समाजात, कमिटीच्या निवडणुकीनंतर दोन सदर (अध्यक्ष) झाले. एकाकडे मिनिटबुक, दुसऱ्याकडे कपाटाची किल्ली. दोघांनीही बँकेला पत्र दिलं आणि बँकेने खातं गोठवलं. त्या महिन्यात पेश इमामसाहेबांचा पगार झाला नाही. ते एका शब्दाने बोलले नाहीत, पाचही वक्त नमाज पढवत राहिले. ही गोष्ट मला आजही सलते, म्हणून हे लिहितोय.

मी मतमोजणीला बसलेल्यांपैकी एक होतो. डिचोली तालुक्यातली आमची लहानशी जमात, सगळे एकमेकांना ओळखणारे. तरी पुढची दोन वर्षं आम्ही चुकीची दारं ठोठावण्यात घालवली. कोणाचीही नियत खोटी नव्हती. फक्त हा वाद ऐकण्याचा अधिकार नेमका कोणाला आहे, हा प्रश्न आम्ही सर्वांत शेवटी विचारला. तो सर्वांत आधी विचारायला हवा होता. कमिटीत नव्याने आलेल्यांनी, जमातीतल्या तरुणांनी आणि असं प्रकरण पहिल्यांदाच हाती घेणाऱ्या वकिलांनी ही चूक करू नये, एवढ्यासाठी हा सगळा क्रम मांडतो.

आधी चुकीची दारं

आम्ही पहिल्यांदा गेलो मामलेदाराकडे. शेजारच्या देवळाचे एक महाजन (देवस्थानचे हक्कदार सभासद) आमचे जुने स्नेही. त्यांच्या देवस्थानच्या समितीचा वाद मामलेदाराकडेच चालला होता, म्हणून त्यांनी मनापासून तो सल्ला दिला. त्यांच्यापुरता तो बरोबरच होता. गोव्यातली देवस्थानं पोर्तुगीज काळातल्या १९३३ च्या महाजनी नियमांखाली येतात आणि तिथे मामलेदार प्रशासक असतो. मशिदीला तो कायदा लागू नाही. आमचा अर्ज तीन महिने फाइलीत पडून राहिला आणि मग परत आला.

दुसरा सल्ला आला कोल्हापूरच्या पाहुण्यांकडून: "धर्मादाय आयुक्तांकडे चेंज रिपोर्ट टाका." महाराष्ट्रात सार्वजनिक न्यासांसाठी १९५० चा कायदा आहे, त्याखाली विश्वस्त बदलले की बदल अर्ज द्यावा लागतो. तो कायदा गोव्यात नाही आणि धर्मादाय आयुक्ताचं कार्यालयही नाही. मराठीतून कायद्याची माहिती वाचणाऱ्या गोवेकराची इथे हमखास फसगत होते, कारण आपल्या हाती येणारं बहुतेक लेखन महाराष्ट्रातलं असतं.

तिसरा सल्ला वक्फ बोर्डाकडे, म्हणजे अल्लाहच्या नावे कायमच्या दिलेल्या मिळकतींवर देखरेख करणाऱ्या मंडळाकडे, तक्रार करण्याचा. गोव्यात राज्य वक्फ बोर्डच नाही. कर्नाटक किंवा महाराष्ट्राच्या बोर्डाला आपल्या मशिदीवर अधिकार नाही. आणि एखाद्या मुफ्तीसाहेबांचा फतवा आणला तरी तो कोर्टाचा हुकूम होत नाही. २०१४ मध्ये विश्व लोचन मदन प्रकरणात सुप्रीम कोर्टाने स्पष्ट केलं की फतव्याला कायद्याचं बंधनकारक बळ नाही. जमातीला तो पटला तर वाद मिटतो, नाही पटला तर तो कोणावर लादता येत नाही.

पायरी पहिली: तुमची मशीद कायद्याच्या नजरेत काय आहे?

बाकी सगळं या उत्तरावर अवलंबून आहे. निवडणुकीत काय घोळ झाला, हे सध्या बाजूला ठेवा आणि कागद जमवा.

सर्वांत आधी जमातीच्या संस्थेचं नोंदणी प्रमाणपत्र आणि घटना (संस्थेची नियमावली) शोधा. गोव्यातल्या बऱ्याच मशिदींचा कारभार १८६० च्या सोसायटी नोंदणी कायद्याखाली नोंदलेल्या संस्थेमार्फत चालतो. कपाटाची किल्ली समोरच्या गटाकडे असेल तर अडून बसू नका. त्या कायद्याच्या कलम १९ प्रमाणे निबंधकाकडची (संस्थांची नोंद ठेवणाऱ्या सरकारी अधिकाऱ्याकडची) कागदपत्रं कोणालाही किरकोळ फी भरून पाहता येतात आणि त्यांच्या प्रमाणित नकला मिळतात. आमच्याकडे घटनेच्या दोन वेगवेगळ्या प्रती फिरत होत्या. एकीत मुदत तीन वर्षांची, दुसरीत पाच. निबंधकाकडची प्रमाणित नक्कल आली तेव्हा कुठे कळलं की पाच वर्षांची दुरुस्ती सभेत मंजूर झाली होती, पण ती दाखलच केलेली नव्हती.

मग जमिनीचे कागद. फॉर्म एक-चौदा (गोव्यातला जमिनीचा उतारा) काढा. कब्जेदाराच्या रकान्यात कोणाचं नाव आहे ते पाहा: संस्थेचं, "मशीद" एवढंच, एखाद्या जुन्या घराण्याचं की कोमुनिदादीचं (जमिनी सामाईक बाळगणाऱ्या गावसंस्थेचं)? जुनी मशीद असेल तर पोर्तुगीज काळातली नोंदणी, अफरामेंताचा (कायम भाडेपट्ट्याचा) कागद, कोणी जागा दिली असेल तर दानपत्र, हेही शोधा. पोर्तुगीज आणि उर्दू कागदांची भाषांतरं आत्ताच करून घ्या. कोर्टाचं कामकाज इंग्रजीत चालतं आणि भाषांतर नाही म्हणून तारीख पुढे गेलेली मी दोनदा पाहिली आहे.

या कागदांत तुम्हाला एकच गोष्ट शोधायची आहे. ही मिळकत अल्लाहच्या नावे कायमची वक्फ केलेली आहे का, आणि तशी ती कुठे नोंदलेली आहे का? की संस्थेने वर्गणीतून जागा घेऊन त्यावर मशीद बांधली आहे?

पायरी दुसरी: वक्फ असेल तर

१९९५ चा वक्फ कायदा गोव्यालाही लागू आहे, बोर्ड असो वा नसो. त्याचं कलम ८५ सांगतं की वक्फ, वक्फ मिळकत किंवा या कायद्याप्रमाणे ट्रिब्युनलने, म्हणजे वक्फच्या वादांसाठीच्या खास न्यायाधिकरणाने, ठरवायची कुठलीही बाब दिवाणी कोर्टात, महसुली कोर्टात किंवा अन्य कुठल्या प्राधिकरणापुढे नेता येत नाही. ती जागा कलम ८३ खालच्या ट्रिब्युनलची. ट्रिब्युनलला दिवाणी कोर्टासारखेच अधिकार असतात.

"आमचा वाद मिळकतीचा नाही, निवडणुकीचा आहे," असं तुम्ही म्हणाल. आम्हीही म्हणालो होतो. पण या कायद्यातली मुतवल्लीची, म्हणजे वक्फच्या कारभाऱ्याची, व्याख्या वाचा. वक्फचा कारभार त्या त्या वेळी पाहणारी कमिटीसुद्धा मुतवल्लीच धरली जाते, आणि कमिटीतला माणूस पदाधिकारी असेल तर तोही. म्हणजे वक्फ मशिदीची कमिटी कोण, हा वाद मुतवल्ली कोण या वादाच्या अगदी जवळ जाऊन बसतो. समोरचा वकील हे बोट नक्की दाखवणार.

ही मनाई किती दूर पोचते, यावर सुप्रीम कोर्टाचा कल बदलत आला आहे. २०१० च्या रमेश गोबिंदराम निकालात कोर्टाने म्हटलं होतं की वक्फचा नुसता संबंध आला म्हणून दिवाणी कोर्टाचा अधिकार जात नाही, कायद्याने जे ट्रिब्युनलकडे सोपवलं आहे तेवढंच तिकडे जातं. २०१३ च्या दुरुस्तीने कलम ८३ रुंद केलं आणि २०२१ च्या रशीद वली बेग निकालात ट्रिब्युनलचा अधिकार व्यापक मानला गेला. मिळकत वक्फ म्हणून यादीत किंवा नोंदीत आहे की नाही, याला अशा वादांत फार वजन असतं. म्हणून पहिल्या पायरीवर मी एवढा रेंगाळलो.

२०२५ च्या दुरुस्तीने गोव्याच्या दृष्टीने महत्त्वाचे काही बदल केले. ट्रिब्युनलच्या निर्णयावर आता ९० दिवसांत हायकोर्टात अपील करता येतं, आधी फक्त पुनरीक्षणाची (रिव्हिजनची) वाट होती. ट्रिब्युनलच नसेल किंवा चालू नसेल, तर थेट हायकोर्टात जाण्याची तरतूदही आली. आपल्यासाठी ते म्हणजे पर्वरीचं मुंबई हायकोर्टाचं गोवा खंडपीठ. आणखी एक नवं कलम आहे, २अ. मुस्लिम व्यक्तीने वक्फसारख्याच हेतूने, पण दुसऱ्या कायद्याखाली स्थापन केलेल्या न्यासाला ते वक्फ कायद्याच्या बाहेर ठेवतं. तुमचा कारभार न्यासपत्रावर चालत असेल तर हे कलम वकिलाबरोबर बसून नीट वाचा. या दुरुस्तीतल्या काही तरतुदींना सुप्रीम कोर्टाने १५ सप्टेंबर २०२५ ला अंतरिम स्थगिती दिलेली आहे, तेव्हा जुनं पुस्तक उघडून काम करू नका.

पायरी तिसरी: संस्था असेल तर

वक्फचा प्रश्न येत नसेल आणि जमात ही सोसायटी म्हणून नोंदलेली असेल, तर दार दिवाणी कोर्टाचं. दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम ९ सांगतं की कायद्याने मनाई नसेल तर दिवाणी स्वरूपाचा प्रत्येक दावा दिवाणी कोर्ट ऐकेल. त्याखालचं स्पष्टीकरण आपल्या कामाचं आहे: पदाचा हक्क हा दिवाणी हक्कच, मग तो ठरवताना धार्मिक विधींचा प्रश्न आला तरी चालेल. "हा मजहबी मामला आहे, कोर्टाने यात पडू नये," असं कोणी म्हणालं तर हे स्पष्टीकरण दाखवा. कोर्ट नमाज कशी पढायची हे ठरवत नाही. मतं कोणी द्यायची होती आणि कशी मोजली, हे मात्र ते जरूर पाहतं.

दावा त्या हद्दीतल्या, अधिकार असलेल्या सर्वांत खालच्या कोर्टात दाखल करावा लागतो. डिचोलीची जमात डिचोलीच्या कोर्टात, फोंड्याची फोंड्याच्या. एकदम हायकोर्टात रिट (सरकारी कारभाराविरुद्धचा थेट अर्ज) घेऊन धावू नका. मशिदीची कमिटी ही "राज्य" नव्हे, खासगी संस्थेच्या निवडणुकीत हायकोर्ट सहसा रिट ऐकत नाही. एखाद्या सरकारी अधिकाऱ्याने बेकायदा हुकूम काढला असेल तर गोष्ट वेगळी.

निबंधक निवडणुकीचा निवाडा करील, ही आशाही सोडा. कमिटीची यादी दाखल करून घेणं हे त्याचं काम. दोन याद्या आल्या की कोर्टाकडे बोट दाखवण्यापलीकडे तो फारसं काही करत नाही, आणि त्यात त्याचा दोष नाही.

एका शब्दाने घालवलेलं दीड वर्ष

आमच्या दाव्याच्या तिसऱ्या परिच्छेदात एक वाक्य होतं: "सदर मशीद ही वक्फ मिळकत असून…" आमच्यापैकीच कोणीतरी आदराने तो शब्द सुचवला. आपण बोलताना मशिदीला वक्फ म्हणतोच. नोंदणी सोसायटीची, जागा संस्थेच्या नावे, बांधकाम वर्गणीतून, वक्फ म्हणून कुठेही नोंद नाही. पण समोरच्या वकिलाने पहिल्याच तारखेला ते वाक्य मोठ्याने वाचलं आणि कलम ८५ पुढे केलं. दुरुस्ती अर्ज, त्यावर उत्तर, त्यावर युक्तिवाद, असं करत दीड वर्ष गेलं आणि मुख्य प्रश्नाला, म्हणजे मतदार यादीला, कोणी हातही लावला नव्हता.

याचा अर्थ वक्फ असेल तर लपवा, असा मुळीच नाही. वक्फ मिळकत लपवणं गुनाह तर आहेच, कोर्टातही ते टिकत नाही. कागद जे सांगतात तेच लिहा, एवढाच अर्थ.

चुकीच्या कोर्टात गेलोच, तर वाद-पत्र योग्य ठिकाणी नेण्यासाठी परत दिलं जाऊ शकतं, किंवा कायद्याने मनाई आहे म्हणून फेटाळलंही जातं. तिथे प्रामाणिकपणे घालवलेला काळ मुदत कायद्याच्या कलम १४ खाली वजा मागता येतो. एक गोष्ट पक्की लक्षात ठेवा: विषयाचा अधिकारच नसेल, तर दोन्ही बाजूंच्या संमतीने तो निर्माण होत नाही. पाच वर्षं चाललेल्या दाव्याचा निकालसुद्धा त्यावर कोसळतो.

पायरी चौथी: मतदार यादी हाताने तपासा

कुठल्याही दारात गेलात तरी शेवटी सगळं येऊन थांबतं ते सभासद रजिस्टरावर. सोसायटी कायद्याच्या कलम १५ प्रमाणे ज्याची वर्गणी तीन महिन्यांपेक्षा जास्त थकली आहे, तो मतदानाला पात्र सभासद धरला जात नाही. हे बहुतेक जमातींना ठाऊकच नसतं.

आमच्याकडे वर्गणी घेण्याची पद्धत अशी: जुम्म्याच्या नमाजनंतर खजिनदार दाराशी बसायचे, पैसे घ्यायचे, वहीत टिकमार्क करायचे. पावती मागितली तरच. रमजानमध्ये एकरकमी देणाऱ्यांची नोंद वेगळ्या वहीत. ही दुसरी वही मतदार यादी करताना कोणी उघडलीच नाही. एकोणीस माणसं थकबाकीदार म्हणून बाहेर राहिली आणि निकाल लागला अकरा मतांनी. मी त्या एकोणीस नावांपुढे रमजानच्या वहीतली पानं लावत बसलो, तेव्हा एका म्हाताऱ्या चाचांची नोंद सापडली. वर्षभराची वर्गणी, सगळी दहाच्या नोटांत, खजिनदारांनी समासात तसं लिहूनही ठेवलं होतं. त्यांना दाराशी सांगितलं होतं, "चाचा, तुमचं नाव नाही." तो कागद कोर्टात आमच्या सगळ्या युक्तिवादापेक्षा जास्त बोलला.

असं एकेका नावाचं काम करा. सभेची नोटीस किती दिवस आधी निघाली, कोणाच्या सहीने, कुठे लावली? वजूखान्याच्या भिंतीवर लावली असेल तर तिचा फोटो कोणाच्या तरी फोनमध्ये असतो, तो मिळवा. निवडणूक अधिकारी घटनेप्रमाणे नेमला होता का? बाद मतपत्रिका जपून ठेवल्या आहेत का?

पायरी पाचवी: काय मागायचं आणि कोणाविरुद्ध

नुसतं "निवडणूक बेकायदा आहे असं जाहीर करा" एवढं मागून थांबू नका. विशिष्ट अनुतोष कायद्याच्या कलम ३४ प्रमाणे पुढचा दिलासा मागणं शक्य असताना तो मागितला नाही, तर कोर्ट घोषणाही देत नाही. घोषणेबरोबर मनाई हुकूम मागा, दफ्तर आणि किल्ल्या सोपवण्याचा हुकूम मागा, नव्या निवडणुकीसाठी त्रयस्थ अधिकारी मागा. घोषणेच्या दाव्याला साधारण तीन वर्षांची मुदत आहे, पण निवडणुकीच्या वादात तीन महिने गप्प बसणाऱ्याकडेही कोर्ट संशयाने पाहतं.

प्रतिवादी कोण, हा इथला अवघड प्रश्न. संस्थेवर दावा घटनेत ठरवलेल्या पदाधिकाऱ्यामार्फत करायचा असतो, आणि इथे वादच पदाधिकारी कोण हा आहे. म्हणून संस्थेला प्रतिवादी कराच, शिवाय निवडून आल्याचा दावा करणाऱ्या प्रत्येकाला नावानिशी सामील करा. कोणी सुटला तर तोच पुढे अडथळा होतो. निबंधकाला पक्षकार करणार असाल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० ची दोन महिन्यांची नोटीस आठवा. तातडी असेल तर कोर्टाची परवानगी घेऊन नोटिशीशिवाय दावा करता येतो. सगळ्या जमातीच्या वतीने लढायचं असेल तर त्याच संहितेच्या आदेश १ नियम ८ ची परवानगी आणि जाहीर नोटीस लागते.

तुम्ही निवडून आलेल्या बाजूचे असाल आणि समोरून दावा येणार असं वाटत असेल, तर कॅव्हेट, म्हणजे आम्हाला ऐकल्याशिवाय हुकूम देऊ नये असा अर्ज, घाला. ते ९० दिवस चालतं आणि तुमचं म्हणणं ऐकल्याशिवाय एकतर्फी मनाई हुकूम निघण्याचा धोका बराच कमी होतो.

पायरी सहावी: मशीद चालू ठेवा

माझ्या मते हीच पायरी सर्वांत महत्त्वाची आणि सर्वांत दुर्लक्षित. पहिल्याच तारखेला कोर्टापुढे एक तात्पुरती व्यवस्था संमतीने मांडा: दोन्ही गटांचा एकेक माणूस मिळून बँकेत सही करील, आणि खर्च होईल तो फक्त इमाम आणि मुअज्जिन (अजान देणारे) यांचा पगार, वीज, पाणी, कब्रस्तानची देखभाल यांवर. नवं बांधकाम नाही, नवे सभासद नाहीत. अशी संमती असेल तर कोर्ट सहसा ती लगेच नोंदवून घेतं. आम्ही हे सात महिन्यांनी केलं.

मशिदीच्या आवारात धक्काबुक्कीपर्यंत गोष्ट जाऊ देऊ नका. जागेच्या ताब्यावरून शांतता बिघडण्याची भीती दिसली तर कार्यकारी दंडाधिकारी भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १६४ खाली कारवाई करू शकतो. मग आपल्याच मशिदीत कोणी जायचं, हे सरकारी कागद ठरवतो. निवडणूक कोण जिंकलं, हे त्या कारवाईत ठरतही नाही.

मध्यस्थीचा दरवाजा शेवटपर्यंत उघडा असतो. जमातीतल्या जाणत्यांनी सुलह घडवली तर ती तोंडी ठेवू नका. लेखी करा, सह्या घ्या आणि कोर्टात दाखल करून तिचा हुकूमनामा करून घ्या. दावा प्रातिनिधिक असेल तर तडजोडीलाही कोर्टाची परवानगी लागते, नाहीतर ती रद्द ठरते.

निकालानंतर

मनाई अर्जावरचा हुकूम विरुद्ध गेला तर जिल्हा न्यायालयात अपिलाला ३० दिवस असतात. हुकूम बाजूने लागला तर त्याच दिवशी प्रमाणित नकलेसाठी अर्ज टाका. नक्कल हातात आली की एक प्रत बँकेत द्या आणि तिची पोच घ्या. नवी निवडणूक झाली की वार्षिक सभेपासून १४ दिवसांच्या आत पदाधिकाऱ्यांची यादी, नाव, पत्ता आणि व्यवसायासह, निबंधकाकडे दाखल करा. आमच्या नव्या सेक्रेटरीने ती चौथ्या दिवशीच दिली. बँकेने खातं मोकळं केलं, आणि पहिला चेक निघाला तो इमामसाहेबांच्या थकलेल्या पगाराचा.